ज्याची त्याची चिठ्ठी

मानवी ज्ञानाचे दोन प्रकार आहेत, असं विद्वान सांगतात. एखादी गोष्ट काय आहे हे माहीत असणं हा एक, आणि ती कशी करायची हे माहीत असणं हा दुसरा. या दोन ज्ञानांच्या झगड्यातूनच संस्कृती पुढे सरकत आली आहे. परकी भाषा शिकवणाऱ्या त्या संस्थेत मात्र या झगड्यातून आजवर फक्त दोन टेबलं सरकली होती. व्याकरणाच्या मॅडमचं खिडकीकडे आणि संभाषणाच्या सरांचं दाराकडे.

मॅडमचं म्हणणं, आधी नियम, मग तोंड. त्यांच्या हाताखालून गेलेला विद्यार्थी परक्या भाषेतलं कुठलंही क्रियापद बारा प्रकारे चालवून दाखवायचा, पण स्वच्छतागृह कुठे आहे हे विचारायची वेळ आली की घरी येईपर्यंत थांबायचा. सरांचं म्हणणं, नियम गेले चुलीत, बोलायला लागा. त्यांचा विद्यार्थी स्वच्छतागृहाची चौकशी फाडफाड करायचा. मिळालेलं उत्तर त्याला कळत नसे, त्यामुळे शेवटी तोही घरी येईपर्यंत थांबायचा. दोघांचे निकाल वर्षानुवर्षं सारखेच लागत.

या भांडणात पडायचं प्रोग्रामरला काही कारण नव्हतं. त्याला वर्षाच्या करारावर घेतलं होतं आणि करार संपायला तीन आठवडे उरले होते. वेबसाइट सांभाळणं आणि संचालकांचा प्रिंटर बंद करून पुन्हा सुरू करणं, एवढंच त्याचं काम. सासरे चारचौघांत त्याची ओळख 'जावई सध्या एका ठिकाणी असतात' अशी करून देत. त्या 'सध्या'मुळे त्याला जेवण गोड लागेनासं झालं होतं.

अशात संचालकांनी त्याला बोलावलं.

"काकू महिनाअखेर निवृत्त होतायत. वेळापत्रक आता तुमच्याकडे. करून दाखवा, कायम करून टाकतो. पत्र टाइप करून ठेवलंय, सहीच तेवढी राहिलीय." त्यांनी ड्रॉवर उघडून पत्राचा कोपरा दाखवला आणि ड्रॉवर बंद केला.

काकू म्हणजे कार्यालयातल्या लेखनिक. अकरा शिक्षक आणि सहा खोल्यांचं वेळापत्रक त्या एकोणीस वर्षं करत होत्या. एक पेन्सिल, एक खोडरबर आणि एक दुपार, यापलीकडे संस्थेचा त्यावर कधी खर्च झाला नव्हता. प्रोग्रामर वही घेऊन त्यांच्यासमोर बसला.

"काकू, वेळापत्रक कसं करता?"

"करते की."

"तसं नाही, पायऱ्या सांगा. सगळ्यात आधी काय करता?"

"सगळ्यात आधी चहा घेते."

त्याने लिहून घेतलं. "मग?"

"मग उच्चारांच्या सरांना सकाळचं टाकत नाही. सकाळी घसा बसलेला असतो त्यांचा."

"आणि?"

"आणि मग बाकीचे बसतात."

"पण कसे बसतात?"

काकूंनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. "तुम्ही शर्टाची बटणं लावता ना रोज? कशी लावता ते सांगा बघू. हात न हलवता."

प्रोग्रामरने सांगायला सुरुवात केली आणि तिसऱ्या शब्दाला अडखळला. पुढचे दोन दिवस त्याला शर्ट घालायला दहा मिनिटं जास्त लागली.

तिथेच त्याने ठरवलं की हा रस्ताच मागासलेला आहे. 'कसं करायचं' हे यंत्राला पायरी पायरीने शिकवत बसणं हा झाला जुना जमाना. नव्या पद्धतीत माणसाने फक्त काय हवं ते जाहीर करायचं, कसं ते यंत्र आपलं आपण बघून घेतं. जेवताना त्याने ही क्रांती बायकोलाही समजावून सांगितली.

"म्हणजे काय हवं तेवढंच बोलायचं?"

"बस्स."

"मला सगळी भांडी घासलेली हवीयत," बायको म्हणाली. "कशी, ते मी सांगत नाही."

दुसऱ्या दिवशी शिक्षकांच्या खोलीत त्याने फॉर्म वाटले. वर लिहिलं होतं, 'आपल्याला काय हवं?' आणि खाली ओळी आखल्या होत्या. एकोणीस वर्षांत त्या माणसांना हे कोणी विचारलं नव्हतं, त्यामुळे आपल्याला काही हवंय याची त्यांनाही कल्पना नव्हती. फॉर्म हातात पडताच सगळ्यांना ती एकदम आली. ओळी संपल्यावर लोकांनी पाठीमागे लिहिलं.

व्याकरणाच्या मॅडम खूश होत्या. "शेवटी नियमच कामाला आले बघा. मी काय सांगत होते?"

"नियमांनी वेळापत्रक होत असेलही," संभाषणाचे सर म्हणाले, "वर्ग होत नाही."

एकाला दोन तास सलग नको होते. एकाला सगळे सलग हवे होते. उच्चारांच्या सरांनी सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं, 'मी समजूतदार आहे. माझी कसलीही अट नाही. फक्त सकाळ नको आणि संध्याकाळ नको.' संचालकांनीही मोठ्या मनाने फॉर्म भरला. त्यांचा स्वतःचा एक विषय होता, 'भाषा कशी शिकावी'. त्यासाठी बुधवार, दुपारचे चार आणि पाच नंबरची खोली, एवढंच त्यांना हवं होतं. पाच नंबर ही संस्थेतली सगळ्यात मोठी खोली. लहान खोलीत तो विषय मावत नसे.

एकूण एकशे सदतीस अटी झाल्या. प्रोग्रामरने त्या यंत्राला सांगितल्या आणि कसं करायचं ते न सांगता हाताची घडी घालून बसला. चाळीस मिनिटांनी पडद्यावर दोन शब्द आले. 'उत्तर नाही.'

"बिघडलं का?" संभाषणाच्या सरांनी विचारलं.

"बिघडलेलं नाही. सगळ्यांच्या अटी एकदम पूर्ण होतील असं वेळापत्रक अस्तित्वातच असू शकत नाही, हे त्याने सिद्ध केलंय."

"मोठंच काम केलं. काकूंना हे एकोणीस वर्षांत जमलं नाही."

प्रोग्रामर डगमगला नाही. कोणाची अट कोणाच्या अटीला आडवी येते याची यादी यंत्राकडून काढून घेऊन त्याने ती नोटीस बोर्डावर लावली. पारदर्शकता असली की माणसं समजुतीने घेतात, असं त्याने कुठेतरी वाचलं होतं. त्या यादीत मॅडमना सरांची अट वाचायला मिळाली, 'व्याकरणाच्या तासानंतर लगेच माझा तास नको. विद्यार्थी तोंड उघडायला घाबरतात.' सरांना मॅडमची मिळाली, 'संभाषणाच्या तासानंतर लगेच माझा तास नको. विद्यार्थी तोंड मिटत नाहीत.' मॅडमचं टेबल आधीच खिडकीला टेकलेलं होतं, नाहीतर त्या दिवशी ते खाली रस्त्यावर पडलं असतं.

दुपारपर्यंत संस्थेत कोणी कोणाशी कुठल्याच भाषेत बोलेना. सोमवारी सत्र सुरू व्हायचं होतं. प्रोग्रामर दारोदार हिंडला. याच्या कानाला लाग, त्याच्या हाता-पाया पड, असं करत शुक्रवारपर्यंत त्याने झाडून सगळ्या शिक्षकांना अटी मागे घ्यायला लावल्या. उच्चारांचे सर तर सकाळी यायलाही तयार झाले, घसा होता तसा घेऊन. आता खोल्या, माणसं आणि वर्गांच्या वेळा एवढंच उरलं. यंत्र म्हणालं, 'उत्तर नाही.'

हे मात्र अशक्य होतं. काकूंचं तर दर सत्राला जमत होतं. त्याने त्यांच्या खणातून जुने पेन्सिलचे कागद मागून घेतले आणि तपासायला यंत्राला दिले. उत्तर आलं, 'चूक एक. बुधवार, चार वाजता, खोली पाच, वर्ग दोन.' त्याने आणखी एका सत्राचा कागद दिला. तीच चूक. आणखी एक दिला. तीच.

आर्किमिडीजनंतर एवढ्या आनंदात कोणी धावलं नसेल. तफावत इतकीच की प्रोग्रामर कपडे घालून धावला आणि जाताना काकूंनाही बरोबर घेऊन गेला.

"साहेब, एकोणीस वर्षं चुकीचं वेळापत्रक चाललंय. एका खोलीत एका वेळी दोन वर्ग."

संचालकांनी भुवया उंचावल्या. "काकू, हे काय ऐकतोय मी?"

"चूक नाहीये ती," काकू म्हणाल्या. "दोन्ही वर्ग भरले तर चूक."

"म्हणजे?"

"एक मॅडमचा, नोकरीवाल्यांचा. बावीस जण आहेत. दुसऱ्या खोलीत मावत नाहीत आणि दुसऱ्या वेळी त्यांना सुट्टी मिळत नाही."

"आणि दुसरा कोणाचा?" संचालकांनी कडक आवाजात विचारलं. "कोण आहे हा तास न घेणारा?"

काकूंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "तुमचा, साहेब."

खोलीत फक्त प्रिंटरचा आवाज राहिला, आणि मग तोही बंद पडला. तो सुरू करायला या वेळी प्रोग्रामर उठला नाही.

"बुधवारी माझ्या बैठका असतात," संचालक म्हणाले.

"हो ना. म्हणूनच टाकते तिथे."

संचालकांनी आधी काकूंकडे, मग भिंतीकडे आणि शेवटी, जरा जास्तच वेळ, प्रोग्रामरकडे पाहिलं. "या सत्रापासून मी तास घेणार. बुधवारी, चार वाजता, पाच नंबरात. मॅडमचा वर्गही हलवायचा नाही. दोन्ही बसवा. माझा पहिला तास सुरळीत पार पडला की त्याच संध्याकाळी सही." आणि ड्रॉवरला त्यांनी कुलूप लावलं.

बाहेर आल्यावर प्रोग्रामर काकूंच्या टेबलापाशी मटकन बसला.

"काकू, माझं काही खरं नाही आता."

"यंत्र चांगलं आहे हो तुमचं," काकू म्हणाल्या. "पण तुम्ही त्याला सगळं खरं खरं सांगता. आणि त्याने सांगितलेलं पुन्हा सगळ्यांना दाखवता. नोटीस बोर्डावर लावता म्हणे."

"तुम्ही नाही लावत?"

"छे. अख्खं वेळापत्रक तुमच्याआधी माझ्याशिवाय कोणी बघितलेलं नाही. ज्याची त्याची चिठ्ठी ज्याच्या त्याच्या हातात." त्यांनी खणातून कात्री काढली. "धरा, तुम्ही कापा. मी लिहिते."

सोमवारी सकाळी अकरा चिठ्ठ्या वाटल्या गेल्या. प्रत्येक चिठ्ठीत एकाच माणसाचे तास होते, त्यामुळे आपल्यासाठी बाकीच्यांना वाकवलं असं प्रत्येकाला वाटलं. सरांनी मॅडमना आपणहून गुड मॉर्निंग केलं. मॅडमनी ते व्याकरणातली चूक न काढता स्वीकारलं. संचालकांची बारावी चिठ्ठी काकू स्वतः देऊन आल्या. तिच्यावर होतं, 'बुधवार, चार, पाच नंबर.' मॅडमच्या चिठ्ठीवरही इतर ओळींमध्ये हीच ओळ होती.

बुधवारी पावणेचारपासून प्रोग्रामर काकूंना घेऊन पाच नंबरच्या बाहेर उभा होता. आत मॅडमनी फळा भरायला घेतला होता. बावीस नोकरीवाले माना खाली घालून लिहीत होते. चार वाजता जिन्यावर बुटांचा आवाज आला. संचालक खरंच येत होते, एका हातात फाईल आणि दुसऱ्यात खडूंची नवीकोरी पेटी.

"काकू, दोघंही एकाच खोलीत," प्रोग्रामर कुजबुजला.

"हो," काकू म्हणाल्या.

"आता?"

"आता बघू की. मला काय माहीत?"

संचालकांनी दार ढकललं. मॅडमनी मागे वळून पाहिलं. एकोणीस वर्षांत वर्गावर न फिरकलेला माणूस तपासणीखेरीज कशाला येईल, असा त्यांनी तर्क केला. त्यांनी स्वतःची खुर्ची पुसून दिली, विद्यार्थ्यांना उभं केलं आणि नियम दुप्पट आवाजात सुरू केले. संचालकांनी बावीस उभी माणसं पाहिली. आपल्या विषयाला एवढी गर्दी आहे हे त्यांना आजच समजत होतं. मॅडम आपल्यासाठी प्रास्ताविक करतायत, असं समजून ते बसले. प्रास्ताविक रंगत गेलं. नियमाला अपवाद आला, अपवादाला पोटनियम आला. पावणेपाचला घंटा झाली. मॅडमनी आभार मानले आणि बावीस जणांनी टाळ्या वाजवल्या.

संचालक बाहेर आले तेव्हा त्यांचे डोळे पाणावले होते. "तयार वर्ग आहे. मॅडमनी जरा लांबवलं, पण हरकत नाही. पुढच्या बुधवारी मी सुरुवात करतो." त्यांनी तिथल्या तिथे फाईलमधून पत्र काढलं आणि भिंतीला टेकवून त्यावर सही केली. काकूंनाही त्याच पेनाने दोन वर्षांची मुदतवाढ देऊन टाकली.

पुढच्या बुधवारी त्यांना बैठक होती.

प्रोग्रामर आता कायम झाला होता, आणि कायम झालेल्या माणसाला नोंदी पूर्ण करायची सवय लागते. त्याने काकूंकडे संचालकांच्या वर्गाची यादी मागितली.

"यादी नाही," काकू म्हणाल्या.

"हरवली?"

"नाही हो. त्या विषयाला कोणी नावच घातलेलं नाही."

"या सत्रात?"

"एकोणीस वर्षांत."

त्याने जागेवर येऊन तो वर्ग काढून टाकला आणि यंत्र पुन्हा चालवलं. तीन सेकंदांत अख्खं वेळापत्रक पडद्यावर आलं, एकही चूक नसलेलं. मग त्याने आपला फॉर्म पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. त्यात विद्यार्थ्यांसाठी रकाना नव्हता.