अप्रूव्हच्या वर नाही

पापलेट घेण्याआधी त्याच्यावर इंग्रजीत निकाल देणारा माणूस श्रीवर्धनात एकच होता, आमचे शेजारी आबा मास्तर. टोपलीवरचं फडकं निघालं की चष्मा कपाळावर चढवून म्हणायचे, "आय कन्डेम!"

कोळीण म्हणायची, "घ्याचा तर घ्या, न्हायतर मासली खाली ठेवा!"

इंग्रजी शाळेतून पेन्शनीत निघालेले. स्तुती आणि निंदा मराठीत करायची नाही, हा त्यांचा नेम. मराठीत माणूस वाहवत जातो, म्हणायचे; इंग्रजीत प्रत्येक क्रियापदाला माप आहे. तळाला 'कन्डेम', म्हणजे टाकाऊ. त्याच्या वर 'टॉलरेट', म्हणजे चालवून घेतो. मग 'अप्रूव्ह', म्हणजे पसंत. त्यावर 'कमेंड', म्हणजे वाखाणतो, आणि शेंड्याला 'अ‍ॅडमायर', म्हणजे त्याहून वरचं कौतुक नाही.

मी गोणी वाहता वाहता सुपारीचा व्यापारी झालो. प्रतवारी मला कुणी शिकवायला नको. पण माझ्या अव्वल रोठा सुपारीलाही त्यांनी 'टॉलरेट'च्या वर चढू दिलं नाही, हे मी विसरलेलो नाही.

माझा धाकटा भाऊ दत्तू मुंबईला गोदीत कारकुनीसाठी निघाला. गोऱ्या साहेबाला दाखवायला इंग्रजी शिफारसपत्र हवं होतं. मास्तरांनी लिहिलं, 'आय अप्रूव्ह.'

"मास्तर, कमेंड घाला."

"नाही."

"बरं, तुमचं नको, माझं नको. मधलं काहीतरी द्या."

"गणूशेट, ही सुपारी नाही."

"अहो, अक्षर बघा त्याचं! खोटं कधी बोलत नाही!"

"म्हणूनच अप्रूव्ह. नाहीतर टॉलरेट होता."

माझं डोकं फिरलं. "आमच्या घरात इंग्रजी कुणाला येतं? तुम्ही त्याला मान दिलात की वाटेला लावलंत, आम्हाला कळायचं कसं?"

मास्तरांचा टाक दौतीवरच थांबला. म्हणाले, "आमच्या हिलाही येत नव्हतं. तीस वर्षं तिच्या आमटीला अ‍ॅडमायर म्हणत आलो. गेल्या साली, जायच्या आदल्या दिवशी तिनं विचारलं, 'अहो, आमटीत रोज काय कमी पडायचं?'"

दत्तू दाराशी उभा होता. मास्तरांनी त्याला जवळ बोलावून पाठीवर हात ठेवला. "दत्तोबा, गुणाचा आहेस हो तू. फार गुणाचा."

पत्रातला शब्द मात्र बदलला नाही. गोदीतली जागा दुसऱ्याला गेली आणि दत्तू एका वखारीत चिकटला. तो राग माझ्या मनात अजून आहे. दत्तूच्या मनात काही नाही. सुट्टीत बोटीवरून उतरला की घरी यायच्या आधी तो मास्तरांच्या पडवीत जाऊन बसतो. दोघांचं बोलणं कुंपणापलीकडून ऐकू येतं. सगळं मराठीत असतं.