टिकली, बंड्या आणि तीन झाकणं

"एक तर ही बकरी ऱ्हाईल, नायतर मी!" हिंदुराव गरजले.

सोनिवलीतल्या त्यांच्या अंगणात रोज सकाळी हाच तमाशा चालायचा. टिकली बकरी बंड्या कुत्र्याची भाकरी पळवायची, चिडलेला बंड्या कोंबडीच्या मागे लागायचा आणि कोंबडी थेट हिंदुरावांच्या बायकोच्या, गोजरबाईंच्या, सुपात येऊन पडायची. त्या दिवशी तर टिकलीने समोरच्या नव्या बिल्डिंगमध्ये घुसून पूजेचं तोरण फस्त केलं होतं.

"बाबा, टेन्शन नका घेऊ. मी शिकवते ना त्यांना," सून किर्ती म्हणाली. ती उल्हासनगरच्या चार नंबर कॅम्पातली. लग्नाआधी तिने जवळून पाहिलेला प्राणी म्हणजे शेजाऱ्यांचा पोपट. पण मोबाइलवर हल्ली सगळंच शिकायला मिळतं.

तिने डब्यांची झाकणं काठ्यांना बांधली. टिकलीला लाल, बंड्याला निळं, कोंबडीला पिवळं. आपापल्या झाकणाला तोंड लावलं, की खाऊ. टिकलीला हरभरे, बंड्याला भाकरी, कोंबडीला कण्या.

तिघंही पटकन शिकली. भांडणं थांबली. फक्त एकत्र शिकवल्यामुळे एक घोटाळा झाला. कुठलंही झाकण वर गेलं, की तिघंही धावत यायची.

"शाळा झ्याक हाय," गोजरबाई म्हणाल्या, "पन वर्ग एकच!"

तोवर हिंदुरावांनी जांभूळ गावच्या बबनला टिकली विकायचा शब्द देऊन टाकला होता. रविवारी त्याचा टेम्पो दारात आला.

टिकली काही चढेना. बबनने ओढलं, ढकललं, गोंजारलं. तिने चारही पाय रोवले.

"वयनी, ते झाकन दाखवा की," बबन घाम पुसत म्हणाला.

किर्तीचा चेहरा पडला. आपणच शिकवलं, आता आपणच तिला पाठवायचं! पण सासऱ्यांचा शब्द होता. डोळे पुसून तिने लाल झाकण टेम्पोत धरलं. टिकली टुणकन चढली. तिच्यामागे बंड्या. त्याच्यामागे फडफडत कोंबडी.

बबनने बंड्याला उतरवलं. तो परत चढला. कोंबडी स्टेपनीमागे जाऊन बसली.

"आवो, मी एकच घेतलीय!" बबन ओरडला.

"थांब. माजी कोंबडी उतरू दे," म्हणत हिंदुरावांनी ओटीवरून पिवळं झाकण उंच केलं.

क्षणात टेम्पो रिकामा झाला. टिकली सगळ्यांत पुढे. तिने हिंदुरावांच्या हातावर नाक टेकलं आणि खाऊसाठी त्यांच्याकडे टक लावून पाहिलं. हिंदुरावांनी खिसे चाचपले. खिशात काहीच नव्हतं. ते एकदम ओशाळले.

"अगं, हिच्या तोंडात टाक कायतरी!"

किर्तीने हरभरे आणले. ते त्यांनी स्वतःच भरवले, एकेक करून. बबनने लाल झाकण दाखवत टिकलीला पुन्हा टेम्पोत नेलं. हिंदुरावांनी पुन्हा झाकण वर केलं. पुन्हा वरात ओटीवर.

तिसऱ्या खेपेला बबन पायरीवरच बसला. "हिंदुरावदादा, ते झाकन खाली ठेवा ना!"

"मग कोंबडी कशी येनार?"

"आली की कवाच!"

हिंदुरावांनी खाली पाहिलं. कोंबडी त्यांच्या पायावर बसून डुलक्या घेत होती. टिकलीच्या मानेवरचा हात न काढता त्यांनी झाकण आणखी वर केलं.

"नाय रं," ते म्हणाले. "यायचीय अजून."