कण्हेरीचा थांबा

चिखलीतल्या आमच्या गल्लीत रामदासकाकांच्या पिवळ्या कण्हेरीचं फूल तोडलं की घंटी वाजायची. एक टोला म्हणजे थांबा. फाटकाजवळच्या नळावर साबणानं हात धुतले की दोन टोले, मग निघा. काका एसटीतून कंडक्टर म्हणून निवृत्त झालेले. घंटी भंगारातली, दोरी ओट्यावरच्या खुर्चीपर्यंत ओढलेली.

कण्हेर मुळापासून शेंड्यापर्यंत विषारी. फळातली बी सर्वांत वाईट. पडलेली फळं काका पहाटेच वेचून पुरत. स्वतः पूजा करत नसत, फुलं मात्र सगळ्या गल्लीला मोकळी.

“काका, महादेवानं तं जहर पेलं. त्याले कण्हेरीचं काय भेव?” शेजारच्या सुशीलाबाई एकदा म्हणाल्या.

“त्याले नाही वो बाई. पण पोया तुमी लाटता, तो नाही. चला, मागच्याले जागा द्या!”

एकदा जाता जाता माझी बाही फांदीला घासली. घंटी वाजली. मी हात धुतले.

“बाही कोण धुईन? तिचं काय हाफ तिकीट हाय?”

सकाळची ही गर्दी ओसरली की त्या फाटकाला दिवसभर कोणी हात लावत नसे. काका एकटेच राहत.

श्रावणात सुशीलाबाईंची नात चालायला लागली. एका सकाळी ती काकांच्या फाटकाशी सापडली. मुठीत हिरवं फळ, पहाटेनंतर पडलेलं. तोंडात गेलं नव्हतं. काकांनी मूठ सोडवली, तिचे हात धुतले, पुसले, परत धुतले. घंटी वाजवायचं विसरले.

“झाड तोडू नका काका,” सुशीलाबाई म्हणाल्या. “आमी पोरीवर ध्यान ठेवतो.”

“ध्यान मीबी ठेवतच होतो.”

दुपारी तोंडाला रुमाल बांधून त्यांनी झाड मुळासकट काढलं. लाकूड कोणाला चुलीसाठी दिलं नाही, धूरही वाईट.

बायका फुलांसाठी दुसऱ्या गल्लीत जाऊ लागल्या. काका सकाळी खुर्चीवर बसलेले दिसत. आठवड्यानं मी त्यांचं फाटक उघडलं. एक टोला पडला.

“फुलं नाहीत आता.”

“हात धुवाचे होते.”

“काऊन? घरी नळ नाही काय बे?”

“हाय. साबण सरलं.”

नळावर नवी वडी होती, कागदही न काढलेली. मी हात धुतले, बाहीही धुतली आणि उभा राहिलो. दोरी काकांच्या हातात होती. निघायची घंटी त्यांनी बराच वेळ वाजवली नाही.