खिडकीतलं विमान

"आणि दर अर्ध्या तासाने ते बटण दाबायचं. विसरायचं नाही," ड्युल्सी हॅलोरनने पांढऱ्या टोपीची पट्टी हनुवटीखाली ओढत नवऱ्याला चौथ्यांदा बजावलं.

"नाही विसरणार."

"आणि ते विमान?"

"खिडकीत," नेव्हिल म्हणाला. "छोट्या खिडकीत. शपथ."

ड्युल्सीने त्याच्याकडे एकदा निरखून पाहिलं, खेळायच्या जड गोळ्यांची पिशवी उचलली आणि ती फायनल खेळायला बाहेर पडली.

टेबल क्रीक हे टास्मानियाच्या उत्तर किनाऱ्यावरचं जेमतेम दोन हजार वस्तीचं गाव. तिथल्या बोल्स क्लबला, म्हणजे गवतावरून जड गोळे सोडून ते छोट्या पांढऱ्या गोळ्याच्या जास्तीत जास्त जवळ नेणाऱ्यांच्या क्लबला, चार हिरवळी होत्या आणि त्या हिरवळींना पाणी घालणारा एक नवाकोरा संगणक होता. त्याचा कारभार नेव्हिलकडे. रेल्वेच्या सिग्नल केबिनमध्ये चौतीस वर्षं काढलेला माणूस, म्हणून क्लबने विश्वासाने त्याला सेक्रेटरी केलेलं. आपल्याबरोबर नेव्हिलने त्या संगणकात लढाऊ विमानांचा एक जुना खेळही आणला. तो खेळ पूर्ण स्क्रीन व्यापून बसायचा. गेल्या महिन्यात त्या विमानामागे पाण्याची धोक्याची सूचना सहा तास झाकून राहिली आणि क्लबच्या गाड्या लावायच्या जागेचं तळं झालं. अध्यक्ष रसेल बिंगलीची गाडी त्या तळ्यात होती. त्यानंतर कार्यकारिणीत ठराव झाला. खेळ खेळायचाच तर लहान खिडकीत खेळावा, पाण्याचा फलक कायम समोर दिसला पाहिजे.

नेव्हिलने ठराव निमूट पाळला. स्क्रीनवर डावीकडे विमानाची खिडकी आणि उजवीकडे पाण्याचा फलक. फलकावर एक ते चार असे चार हिरवे चौकोन. चौकोनावर माउस नेऊन बटण दाबलं की त्या हिरवळीचे फवारे चालू, पुन्हा दाबलं की बंद. आज वेळापत्रकाप्रमाणे दुपारी सगळीकडे पाणी सुटणार होतं, ते स्पर्धेपुरतं थांबवून ठेवायचं होतं. पण यंत्र बनवणाऱ्याचा माणसांवर फारसा विश्वास नसावा. यंत्र दर अर्ध्या तासाने विचारायचं, 'आणखी थांबू का?' दोन मिनिटांत 'हो' म्हटलं नाही, तर ते आपणहून पाणी सोडायचं.

म्हणून बायकोची फायनल चालू असताना नेव्हिल ऑफिसात अडकला होता. खिडकीचे पडदे उन्हासाठी ओढलेले, आणि खुर्ची सोडायची नाही अशी ड्युल्सीची ताकीद. बाहेरून फक्त टाळ्या ऐकू यायच्या. ड्युल्सीविरुद्ध खेळत होती पोर्ट अर्नली क्लबची थेल्मा प्रिचर्ड. तिने ड्युल्सीला आजवर चार फायनल्समध्ये हरवलं होतं आणि प्रत्येक वेळी वर "छान खेळलीस गं" असंही म्हटलं होतं. हरण्यापेक्षा ते 'छान खेळलीस गं' ड्युल्सीला जास्त झोंबायचं.

टाळ्या वाजल्या की नेव्हिल कान टवकारायचा. कोणासाठी वाजल्या ते कळायला मार्ग नव्हता. शेवटी मन रमवायला त्याने विमान सुरू केलं.

शत्रूचं विमान उजवीकडे वळलं. नेव्हिलनेही माउस उजवीकडे रेटला आणि धडाधड गोळ्या झाडल्या. त्याचं विमान मात्र नाकासमोर उडत राहिलं आणि समुद्रात जाऊन पडलं.

"अरेच्चा!" म्हणत नेव्हिलने दुसरं विमान घेतलं. तेही उजवीकडे वळता वळता बुडालं. तेवढ्यात टेबलावरचा फोन वाजला.

"नेव्ह," पलीकडून रसेल दबक्या आवाजात म्हणाला, "दोन नंबरवर पाणी का सोडलंस?"

"मी? मी कुठे?"

"अरे, चहाची टेबलं तिथेच मांडलीत! स्कोन-केकचा लगदा झालाय. मिसेस टर्लो तर टेबलाखाली जाऊन बसल्यात!"

नेव्हिलने फलकाकडे पाहिलं. दोन नंबरचा चौकोन निळा झाला होता. इतकंच काय, एक नंबरचाही झाला होता. तिथे कोणी नव्हतं म्हणून कोणी ओरडलं नव्हतं इतकंच. त्याने घाईघाईने दोन्ही बंद केले.

"यंत्र बिघडलंय बहुतेक," तो म्हणाला.

"तीन नंबरवर फायनल चालू आहे, नेव्ह. एकोणीस-अठरा, एकवीसला संपणार. तिथे एक थेंब जरी उडाला ना, तर तुला उचलून समुद्रात टाकीन."

"पुढे कोण आहे?"

पण रसेलने फोन ठेवून दिला होता.

सिग्नल केबिनमधली सवय म्हणून नेव्हिलने यंत्राची परीक्षा घ्यायचं ठरवलं. दोन्ही हात मांडीवर ठेवून तो दहा मिनिटं फलकाकडे टक लावून बसला. काहीही झालं नाही. एकही चौकोन निळा झाला नाही. यंत्र आपोआप बरं झालं, असं त्याने मानलं. बाहेर टाळ्यांचा कडकडाट झाला आणि नेव्हिलने तिसरं विमान घेतलं.

यावेळी शत्रू अगदी टप्प्यात होता. तो उजवीकडे वळला, नेव्हिलने माउस रेटला, बोट दाबलं, आणि तो जागच्या जागी थिजला.

माउसचा बाण त्याला पहिल्यांदाच दिसला. तो विमानाच्या खिडकीत नव्हताच. खिडकीची कड ओलांडून तो सरळ पाण्याच्या फलकावर गेला होता आणि तीन नंबरच्या चौकोनावर जाऊन उभा होता. इतका वेळ आपण शत्रूवर नाही, हिरवळींवर गोळ्या झाडत होतो, हे नेव्हिलच्या डोक्यात लख्ख उजाडलं. मिसेस टर्लोंना टेबलाखाली त्यानेच धाडलं होतं.

आणि बोट अजून दाबलेलं होतं.

यंत्र बसवायला आलेल्या माणसाने सांगितलेलं त्याला आठवलं. बटण दाबल्यावर नाही, सोडल्यावर काम होतं. म्हणजे बोट उचललं की फायनलवर पाणी. सरकवावं तर शेजारी दोन आणि चार नंबर, आणि खाली 'सर्व' लिहिलेला लांबलचक पट्टा. नेव्हिलने श्वास रोखला. डाव्या हाताने कसाबसा फोन ओढून त्याने रसेलला बोलावलं.

रसेल धापा टाकत आला. "आता काय?"

"मी माउस दाबून धरलाय. सोडता येत नाही."

"गोंद लागलाय?"

नेव्हिलने सगळं सांगितलं. रसेलचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढरा.

"खेळत होतास? आज?"

"खिडकीतच खेळत होतो! ठरावाप्रमाणे!"

"संगणकच बंद करतो मी."

"नको! हा बंद पडला की पंपावरचा डबा स्वतःच्या मनाने चालतो. सगळीकडे पाणी."

"मग मुख्य नळ?"

"पंपाच्या खोलीत. तिथे जायला तीन नंबरच्या कडेनेच वाट आहे."

रसेलने पडद्याची फट करून बाहेर पाहिलं. "वीस-वीस झालंय," तो कुजबुजला. "शेवटचा गोळा. पंचाने सगळ्यांना जागेवर बसवलंय, पान हलत नाहीये. मी आत्ता तिथून पळत गेलो तर थेल्मा मला न्यायालयात खेचेल."

"मग धरून ठेवतो. एकदा हा गोळा संपला की..."

टिंग, असा आवाज झाला. स्क्रीनच्या मधोमध पाटी आली. 'आणखी थांबू का?' आणि खाली आकडे पळू लागले. एकशे वीस. एकशे एकोणीस.

रसेलने टेबलावर हात आपटला.

"हो म्हण!" रसेल ओरडला.

"कशाने म्हणू? माउस एकच आहे!"

"एंटर दाब!"

"आणि त्याने तीन नंबरच चालू झाला तर?"

रसेल मटकन खुर्चीत बसला. नेव्हिलच्या बोटाला मुंग्या यायला लागल्या होत्या. पण डोकं सिग्नलवाल्याचं होतं. समोरून दोन गाड्या येत असल्या, तर एकीला थोडं थांबवून दुसरीला काढायची.

"रसेल, ऐक. मी बोट सोडतो, लगेच पुन्हा दाबून तीन नंबर बंद करतो आणि मग 'हो' म्हणतो. तीन-चार सेकंद पाणी उडेल, बस्स. पण ड्युल्सीने गोळा टाकून तो थांबल्यावर. तू बघत राहा आणि मला सांग."

रसेल पुन्हा फटीला डोळा लावून उभा राहिला. "थेल्माचा गोळा पांढऱ्याला जवळजवळ चिकटलाय. वीतभरही अंतर नाही."

"ड्युल्सी?"

"गोळा पुसतेय."

सत्तर. एकोणसत्तर.

"आता?"

"अजून पुसतेय."

ड्युल्सी टेबल क्रीकमधली सर्वांत संथ खेळाडू. तिच्या गोळ्याची वाट बघताना प्रेक्षक स्वेटर विणून पूर्ण करतात, असं लोक म्हणायचे.

"खाली वाकली," रसेल म्हणाला. पंचेचाळीस. "अं... परत उभी राहिली."

"का?"

"टोपी नीट करतेय."

"सदतीस वर्षं झाली मला त्या टोपीची वाट बघत!" नेव्हिल कळवळला. बोट आता त्याचं राहिलंच नव्हतं. कपाळावरचा घाम भुवईत उतरला, पण पुसायची सोय नव्हती.

तीस. पंचवीस.

"वाकली. हात मागे... सोडला! सोडला रे!"

"कसा आहे?"

रसेलने नाक काचेला टेकवलं.

"अरे, कसा आहे?"

"जोरात आहे," रसेल हळूच म्हणाला. "फार जोरात. पांढऱ्याच्या शेजारून सरळ कडेच्या चरात जाऊन बाद होणार."

सहा. पाच. गोळा अजून पळत होता. नेव्हिलने डोळे मिटले आणि बोट सोडलं.

बाहेर चारी बाजूंनी फवारे उसळले. एकच किंकाळी उठली. त्यात थेल्माचा आवाज सगळ्यांत वर होता. नेव्हिलने डोळे उघडून पुन्हा दाबलं, 'हो' म्हटलं, आणि आकडा एकवर थांबला. मग तो खुर्चीत मागे रेलला आणि आपल्या बोटाकडे परक्याच्या वस्तूकडे बघावं तसं बघत राहिला.

पंचांनी चष्मा पुसून निर्णय दिला. गोळा पळत असताना पाणी आलं, म्हणून तो डाव रद्द, पुन्हा खेळा. पुन्हा खेळला गेला. ओल्या गवतावर थेल्माचे गोळे अर्ध्या वाटेत बसले आणि ड्युल्सी जिंकली. सगळं टेबल क्रीक भिजलेल्या कपड्यांत नाचलं.

तासाभराने माणसं पांगली. ड्युल्सी कप घेऊन ऑफिसात आली. तिच्या बुटांतून पाणी गळत होतं आणि चेहरा फुलला होता. नेव्हिलला खोटं कधीच जमलं नव्हतं. त्याने विमानापासून बोटापर्यंत सगळं सांगून टाकलं. तिचा चेहरा हळूहळू उतरत गेला.

"म्हणजे मी हरले होते," ती म्हणाली.

"पंचांनी निर्णय दिलाय, ड्युल्स."

"माझा गोळा चरात चालला होता. हातातून सुटला तेव्हाच मला कळलं होतं." तिने कप टेबलावर ठेवला, पुन्हा उचलला आणि ती दाराकडे वळली. "थेल्मा अजून गाडीपाशी आहे. चल. तिला तूच सांगायचंस."

थेल्मा डोक्याला टॉवेल गुंडाळून बसली होती. तिने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग नेव्हिलला विचारलं, "बोट न उचलता माउस तसाच बाजूला ओढत नेला असतास तर? रिकाम्या जागेत सोडला की काहीच होत नाही. माझी नात मला संगणकावर पत्ते खेळायला शिकवताना पहिलं हेच म्हणाली."

नेव्हिलने आपलं दुखरं बोट खिशात लपवलं.

"ते राहू दे," ड्युल्सी घाईने म्हणाली. "असला कप मला घरात नको. आपण दोघी परत खेळू. आत्ता. एकच डाव, जिंकेल तिचा कप."

"नक्की?"

"मी असलं जिंकणं घेत नाही, थेल्मा. तुला माहीत आहे."

थेल्माने टॉवेल सोडला. "मानलं बाई तुला," ती म्हणाली, आणि यावेळी ते मनापासून होतं.

हिरवळीवर त्या दोघी, आणि कठड्याशी एकटा नेव्हिल. ऊन कलतं झालं होतं, गवत बरंचसं वाळलं होतं. ड्युल्सीने आयुष्यातले सर्वांत सुंदर तीन गोळे टाकले आणि चौथा अगदी पांढऱ्याला टेकवला. नेव्हिलला टाळ्या वाजवायच्या होत्या, पण बोट दुखत होतं.

थेल्माकडे एकच गोळा उरला होता. तिने तो पुसलाही नाही. वाकली आणि सोडून दिला. गोळा लांबून वळण घेत निघाला, बेताच्या वेगाने, बरोबर त्या वाटेने, ज्या वाटेने गेल्यावर ड्युल्सीचा गोळा बाजूला ढकलला जाऊन त्याची जागा मिळते.

ड्युल्सीने गोळ्याकडे पाहिलं. मग पांढऱ्याकडे. मग ती झटकन कठड्याकडे वळली आणि दातांवर दात ठेवून नवऱ्याला म्हणाली,

"बघत काय राहिलायस? पळ! पाणी सोड!"

आणि सदतीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदाच नेव्हिल एकही प्रश्न न विचारता पळत सुटला.