संरक्षित ओटी

सावरगोंदीच्या काळ्या पहाडावरच्या वॉलबींनी ग्रामसभेत मागणी केली, की त्यांची पिल्लं वाढवण्यासाठी गावातल्या बायांनी आपल्या ओट्या द्याव्यात. आणि नळयोजनेचा विषय संपल्यावर सभेनं ती विचारात घेतली.

वॉलबी म्हणजे कांगारूच्या भावकीतलंच, पण अंगानं लहान जनावर. मागच्या पायांवर उभं राहिलं तर माणसाच्या मांडीला लागतं. आईच्या पोटाला पिशवी असते आणि पिल्लू तिच्यात वाढतं. पहाडावर ही जनावरं केव्हापासून आहेत हे कोणाला सांगता येत नाही. आपल्या आठवणीच्याही आधीपासून आहेत, असं गावातला सर्वांत म्हातारा माणूस सांगतो.

सभेत बोलायला त्यांच्यातली थोरली उभी राहिली. वॉलबी पुस्तकी मराठी बोलतात, सावकाश बोलतात, आणि समोरच्यानं मान हलवेपर्यंत पुढचं वाक्य काढत नाहीत.

"आम्ही कमी होत चाललो आहोत," थोरली म्हणाली. "रानकुत्री पाठीस लागली की आमच्या बाईला पळावं लागतं. पळताना पिशवी सैल सुटते आणि पिल्लू खाली पडतं. कुत्री पिल्लापाशी थांबतात. बाई वाचते."

"म्हंजे सोताचं लेकरू टाकून पळते?" पुढच्या सतरंजीवरून सरपंचाची आई दुर्पताबाई म्हणाली.

"हो," थोरली म्हणाली.

मागे भिंतीला टेकून पंचफुला लोणारे बसली होती. तिला तो 'हो' आवडला. असं कोणी तोंडावर विचारलं की माणूस दहा कारणं पुढं करतो. या बाईनं एकही केलं नाही.

थोरलीनं मग पुढचं सांगितलं. पिशवी रिकामी झाली की आईच्या पोटात थांबून राहिलेलं दुसरं पिल्लू वाढीला लागतं. पहिलं जर कोणी नीट सांभाळलं, तर एकाच्या जागी दोन जगतात. "तुमच्या बाया कापूस वेचताना कमरेला लुगड्याची ओटी खोचतात. आम्ही पहाडावरून बघतो. त्या ओटीतून काही सांडत नाही."

ठराव एकमतानं मंजूर झाला. अख्ख्या जिल्ह्यात दुसऱ्या कोणत्या गावाकडे वॉलबी आहेत ते दाखवा, असं सरपंच म्हणाले. टाळ्या वाजल्या. ओटीचा विषय असल्यामुळे पुढची व्यवस्था दुर्पताबाईंनी हातात घेतली. ओटी म्हटली की ती सवाष्णीची, हे त्यांनी सांगितलं, आणि गावातल्या पाच सवाष्णी नेमून दिल्या. पहिली त्या स्वतः.

ठरलेल्या दिवशी मारोतीच्या पारावर वॉलबी येऊन बसल्या. पाच सवाष्णींपैकी एकीला माहेरचं बोलावणं आलं. दुसरीच्या नवऱ्याला ते बरं वाटेना. तिसरीचं लुगडं नवं होतं आणि चौथीला ताप भरला. दुर्पताबाई पाराजवळ आल्या, पण त्यांचे गुडघे त्याच दिवशी सुजले होते. वॉलबी दिवस कलेपर्यंत बसल्या आणि कोणाला काही न बोलता पहाडावर निघून गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी थोरली पंचफुलाच्या घरी आली. पंचफुला परसात सरपण फोडत होती.

पंचफुलाचा नवरा जयराम ट्रॅक्टर उलटून गेला, त्यानंतर तिला ओटी भरायला कोणी बोलावलं नव्हतं. तशा कार्याच्या दारात तीही कधी रेंगाळली नाही. गावात तिला ताठ म्हणत, आणि ती होतीच ताठ. कापसाच्या ओझ्यानं तिची पाठ वाकत नसे. लोकांच्या बोलण्यानं तर नाहीच. कोणी भरत नाही म्हणून तिची ओटी रिकामी राहिली नव्हती. वेचणीच्या दिवसांत ती रोज ती कापसानं भरायची आणि सरळ चालत घरी आणायची.

"आम्ही गावातल्या सगळ्या ओट्या पाहिल्या आहेत," थोरली म्हणाली. "तुमची घट्ट आहे."

"मले त सभेत कोनं इचारलं नाई," पंचफुला म्हणाली.

"आम्ही आता विचारतो आहोत."

"तुमी मागच्या दारानं इचारून रायल्या." पंचफुलानं कुऱ्हाड खाली ठेवली. "मागच्या दारानं सरपन येते, बाई. लेकरू पुढून येते. मारोतीच्या पारावर या, नारळ घेऊन या, गावासमोर माही ओटी भरा. मंग घेतो मी."

थोरलीला हे रास्त वाटलं. "कुंकू आणायचं का?" तिनं विचारलं.

पंचफुलानं फोडलेली लाकडं एकत्र केली. "कुंकू नोको. ते ज्याचं होतं त्याच्यासंगं गेलं. ओटी माही हाये."

दोन दिवसांनी वॉलबी पहाडावरून एकामागे एक उड्या घेत उतरल्या. एकीच्या हातात नारळ होता, एकीच्या हातात पळसाच्या द्रोणात तांदूळ, एकीनं हळकुंड धरलं होतं. पारावर पंचफुला हिरवं लुगडं नेसून, ओटी खोचून बसली होती. सगळं गाव जमलं. दुर्पताबाई गुडघे धरून आल्या.

"हे चालत नाई," त्या म्हणाल्या. "ते विधवा हाये."

"विधवा म्हणजे काय?" थोरलीनं विचारलं.

"जिले नवरा रायला नाई ते."

वॉलबींनी डोकी जवळ आणून थोडा विचारविनिमय केला. मग थोरली म्हणाली, "आमच्यात नर आपलं काम झालं की निघून जातो. पुढे तो असतो की नसतो, आम्हाला कळत नाही. या हिशेबानं आम्ही सगळ्याच विधवा आहोत. आमची पिल्लं आमच्या पिशवीत चालतात. मग यांच्या ओटीत का चालू नयेत?"

हा मुद्दा पुढच्या सभेत घ्यावा, असं सरपंचांनी सुचवलं. पण तोवर नारळ ओटीत पडला होता. त्यावर तांदूळ पडले, हळकुंड पडलं. मग एक तरुण वॉलबी पुढे झाली. तिनं पुढच्या पायांनी आपली पिशवी आवळून धरली होती. पंचफुलानं ते पाहिलं आणि नारळ काढून बाजूला ठेवला, जागा केली.

"ये," ती म्हणाली. "म्या धरलं हाये."

आई वाकली. पिल्लू डोकं खाली करून तिच्या पिशवीतून निघालं आणि कोलांटी घेऊन पंचफुलाच्या ओटीत गेलं. आत दोनदा वळलं आणि स्वस्थ झालं. कापसाला वजन असतं, पण त्याला ऊब नसते, हे पंचफुलाला त्या क्षणी समजलं. तिनं ओटीचा शेव कमरेला पक्का खोचला, उभी राहिली आणि घरी गेली. नेहमीच्या बोळानं गेली नाही. गावाच्या मधल्या रस्त्यानं गेली.

आठवड्याभरात वनपाल राजूरकर पाहणीला आले. त्यांनी फटफटी वेशीबाहेरच बंद केली आणि ढकलत आणली, कारण जनावर दुर्मिळ होतं. पिल्लाची तब्येत त्यांनी लांबूनच पाहिली. "हा त्याचा अधिवास आहे," ते ओटीकडे बोट न दाखवता म्हणाले. "धोक्यातल्या प्राण्याचा अधिवास आजपासून संरक्षित. त्याच्या जवळपास विस्तव नाही, गोंगाट नाही, आणि परवानगीशिवाय प्रवेश नाही."

"कोनाची परवानगी?"

"अधिवास ज्यांच्या ताब्यात आहे त्यांची. तुमची."

"आन् म्या चुलीपाशी कशी जाऊ?"

राजूरकरांनी प्रामाणिकपणे विचार केला. "अधिवास चुलीपाशी जाऊ शकत नाही, बाई. गावानं सोय करावी."

गावानं सोय केली. घरोघरी पाळी लागली आणि पंचफुलाला दोन्ही वेळचं ताट येऊ लागलं. तिच्या गल्लीच्या तोंडाशी वरातीचा बँड आपोआप थांबायचा. नवरदेव घोड्यावरून उतरून पायी पुढे जायचा आणि पलीकडे पुन्हा बसायचा. ती वेचणीला जायची तेव्हा कापसाची झोळी पाठीवर असायची आणि ओटीतून दोन लांब कान बाहेर. शेजारच्या गावचे लोक एसटीतून माना काढून बघायचे. कंडक्टर त्यांना सांगायचा, "सावरगोंदीची बाई हाये ते."

दुर्पताबाईंची पाळी आली तेव्हा त्या सुनेला न पाठवता स्वतः झुणका-भाकर घेऊन आल्या आणि उंबऱ्याबाहेर उभ्या राहिल्या. नियमच तसा होता.

"येऊ का वं, पंचफुले?"

पंचफुलानं घाई केली नाही. "या," ती म्हणाली.

दुर्पताबाई आत येऊन भिंतीशी बसल्या. ओटीतलं पिल्लू झोपेत पाय झाडत होतं. त्यांनी आपल्या गुडघ्यांवरून हात फिरवला.

"माह्या गुडघ्याले झेपलं असतं का हे?"

"गुडघ्याचं काय काम त्याच्यात?" पंचफुला म्हणाली. "कंबर लागते."

होळीच्या सुमारास पिल्लाचे पाय ओटीत मावेनासे झाले. थोरलीचा निरोप आला आणि पंचफुला पहाड चढून गेली. तिनं ओटी सोडली. पिल्लू उतरलं, चार उड्या मारून परत आलं, तिच्या लुगड्यात एकदा डोकं घालून पाहिलं आणि गवतात निघून गेलं. त्याची आई कातळावर बसली होती. तिच्या पिशवीतून दुसरं तोंड डोकावत होतं.

"आता ओटी सैल सोडायला हरकत नाही," थोरली म्हणाली.

"हो," पंचफुला म्हणाली. पण पहाड उतरून घरी येईपर्यंत तिनं रिकामी ओटी दोन्ही हातांनी धरून ठेवली होती. घरी चूल पेटवायला तिला तीन काड्या लागल्या.

पुढच्या वेचणीला थोरलीला कोणाच्या दारात जावं लागलं नाही. बाया आपणहून पारावर येऊन बसल्या. सवाष्णी आल्या, विधवा आल्या, नवऱ्यानं टाकलेली शेवंता आली. दुर्पताबाईंनी बाज आणवली आणि तिच्यावर बसून ओटी पसरली. पंचफुला प्रत्येकीचा खोचा ओढून बघायची आणि सैल असला तर परत पाठवायची. सरपंचांनी वेशीवर गावाच्या नावाखाली वॉलबीचं चित्र काढून घेतलं. त्यात वॉलबी जरा घोड्यासारखी दिसते, पण गावाला ते आवडतं.

असे काही हंगाम गेले आणि पहाडावर गणना लागली. किती वॉलबी आहेत यावर प्राणी धोक्यात आहे की नाही हे ठरणार होतं. राजूरकर सकाळीच वर पोचले. वॉलबी जाणत्या असल्यामुळे आधीच रांगेत उभ्या होत्या. जिनं जास्त पिल्लं वाढवली ती पुढे, अशी त्यांची रीत. थोरलीच्या मागे पंचफुला उभी होती, आणि तिच्यामागे सावरगोंदीच्या बाया.

राजूरकर पंचफुलापाशी थांबले. "बाई, तुम्ही माणूस आहात."

"यांना पिशवी आहे," थोरली म्हणाली.

"ती लुगड्याची आहे."

"तिच्यात पिल्लू वाढलं की नाही?"

"वाढलं."

"सांडलं का?"

राजूरकरांनी नियम काढून पाहिला. पोटाशी पिशवी असावी आणि तिच्यात पिल्लू वाढावं, एवढंच त्यात होतं. पिशवी कातडीची की सुती, याचा उल्लेख नव्हता. त्यांनी टोपी नीट केली आणि पंचफुलाला मोजलं. मग तिच्यामागच्या सगळ्यांना मोजलं. बेरीज केली, ती पुन्हा करून पाहिली आणि जाहीर केलं, की काळ्या पहाडावरची वॉलबी धोक्याबाहेर आली आहे.

खाली गावात कोणीतरी ढोल वाजवायला घेतला. आता त्याला बंदी नव्हती. राजूरकरांना फोटो हवा होता, म्हणून रांग तशीच थांबली.

"सरक ना वं जरा," मागून दुर्पताबाई म्हणाल्या. "मी दिसून नाई रायली."

पंचफुला सरकली नाही.