वहिनींचं इन्सुलिन आणि देशाची बढती

नागरिकांचं आरोग्य हीच राष्ट्राची खरी संपत्ती असते. म्हणूनच ती जपून ठेवावी, ज्याच्या त्याच्या हाती देऊ नये, असं जाणकारांचं मत आहे.

उत्पन्नाच्या हिशेबाने जगात तीन प्रकारचे देश असतात. गरीब देशात औषध दान म्हणून येतं. श्रीमंत देशात ते हक्काने मिळतं आणि वर रांगेबद्दल तक्रारही करता येते. मधल्या देशात औषधाबद्दल धोरण असतं. आमचा देश बरीच वर्षं खालच्या वर्गात बसून होता. गेल्या वर्षी एका गुरुवारी त्याला मधल्या वर्गात घातलं. (परीक्षा कधी झाली ते कळलं नाही, पण निकाल चांगला लागला.)

सरकारी दवाखान्यात त्या दिवशी फुगे लावले होते. भाषण झाल्यावर मोठ्या साहेबांनी औषधांचा फ्रीज उघडून दाखवला. फ्रीज आरशासारखा स्वच्छ होता, कारण आत काही नव्हतं. इन्सुलिन गरीब देशांच्या मदतीतून येत असे. आता आपण गरीब नसल्यामुळे ते घेणं स्वाभिमानाला शोभलं नसतं.

या स्वाभिमानाच्या आड फक्त माझ्या थोरल्या वहिनी आल्या. लहानपणापासून त्यांना रोज इन्सुलिन लागतं. दोन-चार दिवस चुकलं की रक्तातली साखर डोक्यावर चढते आणि माणूस हातचा जातो. दादाचं आणि वहिनींचं कोपऱ्यावर इस्त्रीचं दुकान आहे. एक टेबल, दोन इस्त्र्या आणि लोकांच्या कपड्यांबद्दल वहिनींची मतं, एवढंच भांडवल.

"भावोजी, तुम्ही शिकलेले," वहिनी म्हणाल्या. "आपण श्रीमंत झालो म्हणजे नेमकं कोण झालं?"

"सरासरी वाढली, वहिनी."

"ती राहते कुठे? पत्ता द्या, तिच्याकडून इन्सुलिन घेऊन येते."

सरासरी ही लांबून बघायची गोष्ट आहे, असं मी समजावलं.

"मग तुम्हीही जरा लांबच उभे राहा," इस्त्री फिरवत त्या म्हणाल्या. "उजेड अडतोय."

इन्सुलिन बाजारात होतंच. महिनाभर अख्ख्या गल्लीचे कपडे केले की पंधरवड्यापुरतं येत असे. उरलेला पंधरवडा नियोजनाचा.

पण सरकारला काळजी नव्हती असं म्हणणं कृतघ्नपणाचं होईल. त्याच महिन्यात सर्वांसाठी आरोग्य योजना आली. एकही नागरिक तिच्याबाहेर नाही. जात, धंदा, उत्पन्न, कशाची अट नाही. तातडीचे सर्व उपचार मोफत, त्यांची औषधं सरकार बाजारातून घेणार. आता तातडी म्हणजे काय, एवढंच ठरवायचं होतं. 'जीव धोक्यात असणे' अशी व्याख्या आधी सुचली, पण मग जो तो तेच सांगत येईल, ही अडचण होती. शेवटी समितीने 'शुद्ध हरपणे' ही व्याख्या मान्य केली. तिला कागदपत्रं लागत नाहीत, आणि देशाच्या इतिहासात प्रथमच अशी सवलत निघाली, जी वशिल्याने मिळवता येत नाही. शुद्ध हरपली की भरती, शुद्धीवर आला की घरी. पहिल्या पाहणीत चौऱ्याण्णव टक्के लाभार्थ्यांनी कोणतीही तक्रार केली नाही. (उरलेले सहा टक्के पाहणी चालू असताना शुद्धीवर आले.)

वहिनींना पहिला लाभ सहज मिळाला. दुकानातच, शाळेच्या गणवेशांच्या गठ्ठ्यावर त्या कोसळल्या. सलाइनमधून पोटभर इन्सुलिन मिळालं आणि चौथ्या दिवशी त्या टवटवीत होऊन घरी आल्या. "सगळं छान आहे हो, पण चादरींना इस्त्री नाही," एवढीच तक्रार.

दुसऱ्या वेळी दादाने अक्कल चालवली. तहान, उलट्या, धाप सुरू झाली तशी त्याने वहिनींना कपड्यांच्या हातगाडीवर घातलं. मी मागून ढकलत होतो.

"डोळे मिटून पड. कोणी काही विचारलं तरी तोंड उघडायचं नाही. जन्मात एकदा तरी."

"तुम्ही म्हणताय म्हणजे गप्प राहायलाच हवं," वहिनी म्हणाल्या, आणि वाटभर हेच सांगत राहिल्या.

डॉक्टर तरुण आणि सज्जन होता. नियमाप्रमाणे त्याने नाव विचारलं. वहिनी गप्प. दंडाला चिमटा काढला. वहिनी गप्प. दादाच्या चेहऱ्यावर रंग आला. डॉक्टर सही करायला वाकला आणि सिस्टरना सहज म्हणाला, "बघा ना, नवा कोट, पण कॉलर काही केल्या बसत नाही."

"आधी उलट्या बाजूने दाबायची असते," वहिनी डोळे मिटूनच म्हणाल्या. "पाणी मारून. कोरडी इस्त्री फिरवली की चकाकते मेली."

डॉक्टरने पेनाला टोपण लावलं.

"मी काही ऐकलं नाही, डॉक्टर," सिस्टर म्हणाल्या.

"पण मी ऐकलं ना, सिस्टर." त्याला खरोखर वाईट वाटलं होतं. प्रामाणिक माणूस, नियमाशी बांधलेला. अशा माणसांवरच योजना उभ्या राहतात.

परतताना दादा गाडी नको तितक्या जोरात ओढत होता. "रागावू नका हो," वहिनी म्हणाल्या. "चुकीचं काही दिसलं की राहवत नाही मला." गाडीवर त्यांचा श्वास भात्यासारखा चालला होता.

मी उसनवारीला निघालो. शेजारपाजारच्या सगळ्या घरांचं उत्पन्न वाढलेलं असल्यामुळे कोणाकडेच काही निघालं नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा हातगाडी काढली.

तोच डॉक्टर, तोच कोट. त्याने नाव विचारलं. चिमटा काढला. मग खात्री व्हावी म्हणून (वरून तपासणी कडक असते) तो खाली वाकला आणि कॉलर वहिनींच्या तोंडाजवळ नेली.

"मावशी, तुम्ही सांगितलं तशी दाबली. जमलीय का?"

दादाने गाडीचा दांडा सोडला. तोही वाकला.

"सांग की गं," तो म्हणाला. "बोल. काय चुकलंय ते सांग त्यांना."

वहिनी काही बोलल्या नाहीत. डॉक्टरने ताबडतोब सही केली.

वहिनी अजून योजनेचा लाभ घेत आहेत. इतका दीर्घ लाभ आमच्या दवाखान्यात दुसऱ्या कोणी घेतलेला नाही, म्हणून अहवालात त्यांचा आदराने उल्लेख आहे. दादा रोज दुकान उघडतो, आणि कपडे गिऱ्हाइकाला देण्याआधी उगाच मागे वळून बघतो.

या योजनेत आपण बसतो का, अशी शंका काही वाचकांना येईल. काळजी नसावी. ही माहिती देताना आपल्याला ठिकठिकाणी चिमटे काढून पाहिले. आपण हूं की चूं केलं नाही.

अभिनंदन. आपण पात्र आहात.