आत्या एकच पुरे

"एकच आत्या?" ओदेतआत्याची सुरी पावात अर्ध्यावरच थांबली. "आम्ही दोघी चांगल्या धडधाकट बसलोय ना इथे?"

"सिनेमात माणसं कमी करावी लागतात, आत्या," सोलेन म्हणाली.

पटकथाकार म्हणून तिचं पॅरिसमधलं नावच त्यावर होतं. चाळीस माणसांची कादंबरी ती सहा जणांत बसवी आणि निर्माते तिचे हात हातात घेत. पण या खेपेची कादंबरी बाबांची होती. बाबा गेल्या हिवाळ्यात गेले. चित्रण व्हायचं ते त्यांच्या लिमुझँ प्रांतातल्या या घरात, आणि घर दोन्ही आत्यांच्या नावावर. दोघींचा होकार नाही, तर चित्रपट नाही. म्हणून सोलेनने दोघींना रविवारी जेवायला बोलावलं होतं. क्लाफूतीत, म्हणजे चेरी घालून भाजलेल्या गोड पदार्थात, बिया ठेवायच्या की काढायच्या, यावरून त्यांनी कित्येक वर्षं अबोला धरला होता. आजही दोघी टेबलाच्या दोन टोकांना, आपापला क्लाफूती पुढ्यात घेऊन बसल्या होत्या.

"तुझी ती एकटी आत्या बिया काढते का, सांग," ब्लांदीनआत्या भिंतीकडे बघत म्हणाली.

सोलेन पटकथेतून वाचून दाखवू लागली आणि अडखळली. दोन आत्यांची एक करताना नेमकं हेच निसटलं होतं. सुरुवातीला आत्या उंबऱ्यावर बसून चेरीतल्या बिया काढते. पुढे लग्नात तिच्याच क्लाफूतीतल्या बीवर पाद्र्याचा दात तुटतो.

"वेडी आहे ही बाई!" ओदेतआत्या म्हणाली.

"वेडी कसली! पाद्र्यासाठी एक मुद्दाम ठेवली असेल," ब्लांदीनआत्या म्हणाली.

"तेही खरंच म्हणा."

आपण एकमेकींशी बोललो, हे दोघींच्या एकदमच लक्षात आलं. सोलेनने संधी साधून घाईघाईने पुढचं पान वाचलं. नायक रेमों दुपारी आत्याला म्हणतो, बियांशिवाय चव नाही. संध्याकाळी तिलाच म्हणतो, बिया काढल्यास म्हणून खाववलं.

"हाही वेडाच?" ओदेतआत्याने विचारलं.

"नाही हो!" सोलेन म्हणाली. "बाबा खरंच असं म्हणायचे. दर रविवारी आधी तुझ्याकडे, मग तिच्याकडे. मी बरोबर असायचे ना! मला म्हणायचे, बोलू नकोस कुठे. यांचं भांडण मिटलं तर एकच क्लाफूती मिळेल."



"मेला लबाड!" ओदेतआत्या म्हणाली आणि आपण काय बोललो ते ध्यानात येऊन तिने जीभ चावली. आधी हसू फुटलं ते ब्लांदीनआत्याला. मग दोघी डोळे पुसत हसत राहिल्या.

"कर तुझा सिनेमा," ब्लांदीनआत्या म्हणाली. "पण आत्या दोन हव्यात."

"आणि तो दोन्हीकडे बशी चाटतो, ते दाखव!"

सोलेनला नाचावंसं वाटलं. आयुष्यात प्रथमच तिने कथेत एक माणूस वाढवलं होतं. तेवढ्यात तिच्या बशीत दोन तुकडे पडले आणि दोघी जवळ येऊन उभ्या राहिल्या.

"आता सांग. कुणाचा चांगला?"

सोलेनने दोन्ही तुकडे संपवले, बोटं चाटली आणि बशी पुढे केली.

"दर रविवारी यावं लागेल," ती म्हणाली. "एका दिवसात कसं ठरणार?"